बिली द किडचे शेवटचे तीन महिने: मेसिया ते फोर्ट समनर, पाच दिवसांत

बिली द किड या न्यू मेक्सिकोतल्या गाजलेल्या बंदूकबाजाच्या मागावर निघणारे बहुतेक प्रवासी अल्बुकर्कीला उतरतात, गाडी भाड्याने घेतात आणि थेट लिंकन गाठतात. त्यात गोष्ट अर्ध्यातून सुरू होते. त्यापेक्षा टेक्ससमधल्या एल पासोला उतरावं. बिलीच्या शेवटच्या तीन महिन्यांतली तीन गावं तिथून उत्तरेकडे ओळीने लागतात. ९ एप्रिल १८८१ला मेसियात ज्युरीने त्याला दोषी ठरवलं, २८ एप्रिलला लिंकनच्या कोर्टातून दोन डेप्युटींना मारून तो पळाला आणि १४ जुलैच्या रात्री फोर्ट समनरला शेरीफ पॅट गॅरेटने त्याला गोळी घातली.

एल पासो टेक्ससमध्ये असलं तरी त्याचं घड्याळ न्यू मेक्सिकोचंच, त्यामुळे वेळेचा घोळ होत नाही. गाडी एल पासोला घेऊन अल्बुकर्कीला सोडली तर परतीचं वेगळं भाडं लागतं. ते वाचवायचं असेल तर शेवटी आय-२५ महामार्गाने सुमारे २७० मैल, म्हणजे चार तास, उलट यावं लागतं. एकूण अंतर साडेपाचशे ते सहाशे मैल. महिना सप्टेंबर किंवा ऑक्टोबर निवडावा. एप्रिल-मेमध्ये वारा सुटतो आणि धुळीने समोरचं दिसेनासं होतं. जुलै-ऑगस्टमध्ये दुपारी वळवासारखा पाऊस येतो आणि कोरडे ओढे बघता बघता भरतात. रुइडोसोच्या परिसरात जून २०२४च्या वणव्यानंतर डोंगर उघडे पडले आहेत. तिथे पाणी धरून ठेवायला काही उरलेलं नाही, म्हणून थोड्या पावसातही पूर येतो. निघण्याआधी राज्याच्या रस्ते विभागाची साइट बघून घ्यावी.

निघण्याआधी एक गोष्ट डोक्यात पक्की असू द्यावी. इकडे शेरीफ आणि तिकडे दरोडेखोर अशी सरळ विभागणी इथे नाही. लिंकन काउंटीत १८७८ला दोन व्यापारी गटांत पेटलेल्या भांडणात दोन्ही बाजूंच्या खिशात वॉरंटं होती. प्रश्न एवढाच, की कोणाच्या वॉरंटावर कोणाची सही आणि ती सही राजधानीत, सांताफेत, चालते की नाही.

पहिला दिवस: एल पासो ते मेसिया, ४५ मैल

आय-१०वर एक्झिट १४० घेतला की पाच मिनिटांत जुन्या मेसियाचा चौक. १६ नोव्हेंबर १८५४ला इथे अमेरिकेचा झेंडा चढला, तोवर हे गाव मेक्सिकोत होतं. चौकाच्या उत्तरेला सान अल्बिनोचं चर्च आहे. आग्नेयेच्या कोपऱ्यावरची कच्च्या मातीच्या विटांची बैठी इमारत म्हणजे तेव्हाचं कोर्ट. आज तिथे भेटवस्तूंचं दुकान आहे, दारावर बिलीचंच नाव. आत दागिने, मग आणि टी-शर्ट. कोर्टाचं असं फारसं काही उरलेलं नाही, पण खोलीचा आकार बघून घ्यावा. एवढ्याशा जागेत न्यायाधीश, बारा ज्युरर आणि बघे कसे मावले असतील, हे कुठल्याही फलकापेक्षा ती खोलीच चांगलं सांगते.

इथे त्याच्यावर दोन खटले चालले आणि पहिल्याबद्दल फार लोकांना माहीत नसतं. न्यू मेक्सिको तेव्हा राज्य नव्हतं (ते झालं १९१२मध्ये), प्रदेश होता. त्यामुळे वॉशिंग्टनचा कायदा आणि प्रदेशाचा कायदा असे दोन थर होते आणि दोन्हींसाठी न्यायाधीश एकच, वॉरन ब्रिस्टल. पहिला खटला बकशॉट रॉबर्ट्सच्या खुनाचा. खून झाला ती जागा ब्लेझरची गिरणी. ती अपाची राखीव क्षेत्रात येते, म्हणजे जमीन केंद्र सरकारची, म्हणून खटला केंद्राचा. बिलीचा वकील आयरा लेनर्ड याने मुद्दा काढला की गिरणीची जमीन डॉ. ब्लेझरच्या खासगी मालकीची आहे, सरकारची नाही. कोर्टाने ते मानलं आणि खटला निकाली निघाला.

दुसरा खटला शेरीफ विल्यम ब्रेडीच्या खुनाचा, प्रदेशाच्या कायद्याखाली. आता लेनर्ड नव्हता. कोर्टाने नेमलेले आल्बर्ट फाउंटन आणि जॉन बेल हे वकील होते. ज्युरीतले सगळे स्पॅनिश भाषक. ८ आणि ९ एप्रिल अशा दोन दिवसांत काम आटोपलं. १३ एप्रिलला शिक्षा सुनावली: १३ मे, शुक्रवार, लिंकन गावात फाशी. लिंकन काउंटीच्या लढाईत दोन्ही बाजूंनी माणसं मेली, आरोपपत्रं ढिगाने निघाली, पण दोषी ठरला तो हा एकटा.

संध्याकाळी लास क्रूसेसच्या मेसॉनिक दफनभूमीत पॅट गॅरेटची कबर बघावी. सहा फूट चार इंच उंचीच्या या माणसाला स्पॅनिश भाषक लोक ‘हुआन लार्गो’ म्हणत, म्हणजे लांबडा हुआन. २९ फेब्रुवारी १९०८ला लास क्रूसेसच्या वाटेवर, बग्गीतून उतरून लघवीला उभा असताना, त्याच्या डोक्यात मागून गोळी घातली गेली. त्याच्या जमिनीवर शेळ्या चारणाऱ्या वेन ब्रेझलने कबुली दिली, स्वसंरक्षणाचा दावा केला आणि १९०९मध्ये तो निर्दोष सुटला. मागून डोक्यात गोळी आणि स्वसंरक्षण, हे एका वाक्यात बसवायला चांगला वकील लागतो. तो मिळालाही: आल्बर्ट फॉल. हे नाव उद्या पुन्हा येईल.

जेवणाबद्दल थोडं. या राज्यात ताटावर तिखट कोणतं घालू, लाल की हिरवं, हे विचारतात. दोन्ही हवं असेल तर ‘क्रिसमस’ म्हणायचं. शाकाहारी माणसाने घेवड्याच्या उसळीत डुकराची चरबी आहे का, हे दर वेळी विचारावं. हिरव्या मिरचीच्या रश्श्यात तर बहुधा मांस असतंच. सोपापिया मात्र निर्धास्त मागवावी, टम्म फुगलेल्या पुरीसारखी असते आणि वरून मध घालून खातात. तळण कशातलं, तेवढं विचारून घ्यावं.

दुसरा दिवस: मेसिया ते लिंकन, सुमारे १४५ मैल

१६ एप्रिल १८८१च्या रात्री बिलीला बेड्या घालून गाडीत बसवलं आणि लिंकनकडे काढलं. २१ तारखेला फोर्ट स्टँटनला गॅरेटच्या ताब्यात दिलं. पाच दिवस लागले. आज तेवढं अंतर यूएस ७०ने तीन तासांत होतं. सोबतच्या सात पहारेकऱ्यांत बॉब ऑलिंजर होता, तो पुढे येईलच. दुसरा जेकब मॅथ्यूज, लढाईतल्या विरुद्ध गटाचा माणूस. तिसरा जॉन किनी. हा स्वतः गुरं चोरणाऱ्या टोळीचा म्होरक्या आणि पुढे दोनच वर्षांत त्याच गुन्ह्यासाठी तुरुंगात गेला. त्या गाडीतला गुन्हेगार कोणता, हे फक्त बेड्यांवरून ओळखायचं.

सकाळी लवकर निघावं, त्याची दोन कारणं. लष्कराच्या क्षेपणास्त्र चाचणीच्या वेळी यूएस ७० तास-दोन तास बंद ठेवतात. आदल्या दिवशी चौकशी केली नाही तर मधल्या माळावर गाडीत बसून राहावं लागतं, आणि तिथे सावली नाही. दुसरं म्हणजे पुढे व्हाइट सँड्सची पांढरी वाळू. ती जिप्समची, त्यामुळे पायाला पोळत नाही, पण दुपारी डोळे उघडवत नाहीत. गडद चष्मा आणि माणशी किमान तीन-चार लिटर पाणी असू द्यावं. या भागात बॉर्डर पेट्रोलचे तपासणी नाके आहेत. भारतीय पासपोर्टवाल्यांनी पासपोर्ट आणि व्हिसाची कागदपत्रं बॅगेत तळाशी नाही, हाताशी ठेवावीत. पासपोर्टचा मोबाइलमधला फोटो पुरत नाही.

१ फेब्रुवारी १८९६ला याच पांढऱ्या वाळूच्या कडेने आल्बर्ट फाउंटन घरी परतत होता. हाच मेसियातला बिलीचा वकील. तोवर तो गुरचोरांविरुद्ध आरोपपत्रं काढणारा झाला होता आणि लिंकनच्या कोर्टातून तीच घेऊन निघाला होता. सोबत आठ वर्षांचा मुलगा हेन्री. बग्गी सापडली, रक्त सापडलं, बापलेक कधीच सापडले नाहीत. तपासासाठी पॅट गॅरेटला आणलं. १८९९मध्ये हिल्सबरोला पशुपालक ऑलिव्हर लीवर खटला चालला, आल्बर्ट फॉलने त्याचा बचाव केला आणि ली सुटला. बिलीचा वकील, बिलीला मारणारा शेरीफ आणि त्या शेरीफच्या मारेकऱ्याला पुढे सोडवणारा वकील, तिघं एकाच प्रकरणात. मुलुख अफाट, माणसं मोजकी.

अलामोगोर्डो आणि टुलारोसा मागे टाकून रस्ता डोंगरात चढतो आणि मेस्कलेरो लागतं. ब्लेझरची गिरणी इथलीच. ४ एप्रिल १८७८ला डिक ब्रूअरची माणसं, म्हणजे ‘रेग्युलेटर्स’ (ती कशी जमली ते उद्या), इथे जेवायला थांबली होती. बिली त्यांच्यात होता. तेवढ्यात रॉबर्ट्स खेचरावरून आला. रेग्युलेटर्सच्या खिशात त्याच्या नावाचं वॉरंट होतं. शरण ये म्हणून अर्धा तास समजावणं झालं, तो ऐकेना. चार्ली बौड्रीची गोळी त्याच्या पोटात बसली, पण त्याआधी आणि नंतरही तो विंचेस्टर रायफल चालवत राहिला. जॉर्ज को याचं चाप ओढायचं बोट गेलं, जॉन मिडलटनच्या छातीत गोळी घुसली. मग रॉबर्ट्स खोलीत शिरला, दारात गादी टाकून ब्लेझरच्या बंदुकीने निशाणा धरून बसला आणि ओंडक्यांमागून डोकं वर काढणाऱ्या ब्रूअरला त्याने पहिल्याच गोळीत उडवलं. दुसऱ्या दिवशी रॉबर्ट्सही मेला. दोघांना एकाच टेकडीवर पुरलं. आज ही सगळी जमीन मेस्कलेरो अपाची जमातीची आहे. रस्त्यावरून बघावं, परवानगीशिवाय आत शिरू नये.

रुइडोसोनंतर फोर्ट स्टँटन. १८५५चा दगडी लष्करी तळ, पुढे क्षयरोग्यांचं इस्पितळ. अर्धा तास पुरे. गाडीत पेट्रोल मात्र रुइडोसो किंवा कॅपिटानलाच भरून घ्यावं. लिंकनमध्ये पंप नाही, किराणा नाही, फोनला रेंज असेलच असं नाही. मुक्कामाच्या खोल्या गावात मोजक्याच. आधी जमलं नाही तर कॅपिटान १२ मैलांवर आहे.

तिसरा दिवस: लिंकन, पायी

लिंकन म्हणजे बोनितो नदीकाठचा एकच रस्ता, साधारण मैलभर लांब, ५,७०० फूट उंचीवर. बऱ्याचशा जुन्या इमारती राज्याच्या ताब्यात आहेत. वेळा हंगामानुसार बदलतात, थंडीत काही घरं बंद असतात, त्यामुळे आधी फोन करावा. पूर्वेच्या टोकाला गाडी ठेवून पश्चिमेकडे चालत जावं. मग घटनाही त्याच क्रमाने येतात, १८७८ आधी आणि १८८१ शेवटी.

सगळ्या भांडणाच्या मुळाशी विम्याचा एक दावा आहे. एमिल फ्रिट्झ १८७४मध्ये जर्मनीत वारला. त्याची १०,००० डॉलरची पॉलिसी होती. फ्रिट्झ ज्या मर्फीचा भागीदार, त्या मर्फीच्या दुकानाचा गावावर एकहाती कब्जा: किराणा, उधारी, फोर्ट स्टँटनला धान्य आणि मांस पुरवायचं कंत्राट, सगळं त्यांचं. त्या पेढीला लोक नुसतं ‘द हाउस’ म्हणत, आपल्याकडे गावात एकाच वाड्याला नुसतं ‘वाडा’ म्हणावं तसं. पॉलिसीचे पैसे वसूल केले अलेक्झांडर मॅकस्वीन या वकिलाने आणि ते तो वारसांना देईना. याच मॅकस्वीनने जॉन टन्स्टल नावाच्या लंडनच्या तरुणाबरोबर समोर नवं दुकान थाटलं. पैशांच्या दाव्यात मॅकस्वीनच्या मालमत्तेवर जप्ती आली आणि भागीदार समजून टन्स्टलच्या गुरांवरही. १८ फेब्रुवारी १८७८ला जप्तीला आलेल्या शेरीफच्या टोळीने टन्स्टलला डोंगरात गाठून मारलं. तो २४ वर्षांचा होता. मारणारे कायदेशीर पथकातले होते, हे लक्षात ठेवावं. पथक पाठवणारा शेरीफ ब्रेडी.

टन्स्टलचं दुकान अजून उभं आहे, जुन्या फळ्या आणि कपाटांत त्या काळचा माल मांडलेला. मागे टन्स्टल आणि मॅकस्वीनच्या नावाचे क्रूस. दुकानाच्या पूर्वेला गुरांच्या गोठ्याची मातीची भिंत होती. १ एप्रिल १८७८च्या सकाळी त्या भिंतीआड सहा रेग्युलेटर्स दबा धरून बसले आणि रस्त्यातून जाणाऱ्या शेरीफ ब्रेडी आणि डेप्युटी हिंडमन यांना त्यांनी टिपलं. तिथे उभं राहून रस्त्याकडे बघावं. अंतर इतकं कमी आहे की नेमबाजीचा प्रश्नच येत नाही. याला लढाई म्हणता येणार नाही.

आणि तरी हे रेग्युलेटर्स मुळात बेकायदा नव्हते. गावचा मॅजिस्ट्रेट जॉन विल्सन याने ब्रूअरला कॉन्स्टेबल नेमून टन्स्टलच्या मारेकऱ्यांना पकडायचं वॉरंट दिलं होतं. ९ मार्चला गव्हर्नर ॲक्सटेलने एक फर्मान काढलं की विल्सनची नेमणूकच अवैध. एका दिवसात ब्रूअरची माणसं पोलिसांची गुन्हेगार झाली. माणसं तीच, घोडे तेच, खिशातला कागद तेवढा रद्द.

दुकानाच्या पश्चिमेची मोकळी जागा म्हणजे मॅकस्वीनचं घर. १५ ते १९ जुलै १८७८ असे पाच दिवस घराला वेढा होता. शेवटच्या दिवशी फोर्ट स्टँटनहून कर्नल नेथन डडली एक गॅटलिंग गन आणि एक छोटी तोफ घेऊन आला. आपण तटस्थ आहोत असं सांगून त्याने तळ ठोकला, पण तोफेच्या तोंडासमोरून मॅकस्वीनच्या बाजूची बरीच माणसं पसार झाली आणि घर एकटं पडलं. नागरी कायद्याच्या अंमलबजावणीत लष्कराने पडू नये, असा कायदा काँग्रेसने बरोबर महिन्याभरापूर्वी, १८ जून १८७८ला केला होता.

घराला आग दुपारी लावली आणि ती रात्रीपर्यंत पुरली, याचं कारण बांधकामात आहे. मातीच्या कच्च्या विटा जळत नाहीत. जळतात ती छताची वाशे-तुळयांची लाकडं, दारं, जमिनीच्या फळ्या. घर इंग्रजी यू अक्षरासारखं होतं, खोलीला लागून खोली. आग एका टोकाने शिरली आणि एकेक खोली खात पुढे सरकली, आतली माणसंही एकेक खोली मागे सरकत गेली. अंधार पडेपर्यंत शेवटची खोली उरली. तेव्हा बिली आणि काही जण आधी पळाले, आगीच्या उजेडात, नदीच्या दिशेने. मॅकस्वीन मागे राहिला आणि मागच्या अंगणात मारला गेला.

पश्चिमेच्या टोकाची दुमजली इमारत म्हणजेच ‘द हाउस’. पेढी बुडाली आणि काउंटीने तेच घर कोर्टासाठी घेतलं. म्हणजे बिलीला कोंडलं ते त्याच्या शत्रूच्या दुकानाच्या माडीवर. गावात धड तुरुंग नव्हता. जुना होता तो जमिनीत खणलेला खड्डा. म्हणून माडीवरची ईशान्येची खोली, पायांत बेड्या, जमिनीला साखळी, आणि दोन पहारेकरी, बॉब ऑलिंजर आणि जेम्स बेल.

२८ एप्रिलला काय चुकलं ते पायऱ्यांवर उभं राहिलं की कळतं. गॅरेट व्हाइट ओक्सला कामासाठी गेला होता. दुपारी ऑलिंजर बाकीच्या कैद्यांना समोरच्या वॉर्टली हॉटेलात जेवायला घेऊन गेला. पहाऱ्यावर एकटा बेल. संडास इमारतीच्या मागे, खाली. बिलीला बेल घेऊन गेला आणि परत येताना बिली पुढे, बेल मागे. जिना अरुंद आणि वर गेल्यावर वळतो. वळणावर पुढचा माणूस मागच्याच्या नजरेआड होतो, दोन-तीन क्षण. तेवढे पुरले. पिस्तुल संडासात कोणी लपवून ठेवलं होतं, की हातकडीतून हात सोडवून त्याने बेलचंच हिसकावलं, यावर इतिहासकार अजून भांडतात. बिलीची मनगटं जाड आणि पंजे लहान होते, त्यामुळे दुसरं पटण्यासारखं आहे. बेल जिन्यावर गोळी खाऊन बाहेर अंगणात जाऊन कोसळला. जिन्याच्या भिंतीतलं गोळीचं भोक दाखवतात. त्या भोकावर कोणी पैज लावू नये.

गोळीचा आवाज ऐकून ऑलिंजर हॉटेलातून धावत आला. त्याची स्वतःची दुनळी, सकाळीच भरून ठेवलेली, माडीवर होती. ती घेऊन बिली पूर्वेच्या खिडकीत उभा होता. त्या खिडकीतून खाली बघावं: ऑलिंजर पडला ती जागा दगडाने खुणावलेली आहे. खिडकीपासून तिथपर्यंत छऱ्यांना पसरायलाही वाव नाही.

यापुढचा तास सहसा गाळला जातो. बिली लगेच पळाला नाही, पळता येईना म्हणून. म्हातारा रखवालदार गाउसने कुदळ वर फेकली. तिने बेडी तोडायला तासभर गेला आणि एकच पाय मोकळा झाला. साखळीचं सुटं टोक त्याने कमरेच्या पट्ट्याला बांधलं. घोडा आणला तो काउंटीच्या कारकुनाचा. साखळी खळखळली तसा तो बुजला, बिलीला पाडून मोकळा झाला. पुन्हा पकडून आणावा लागला. एवढा वेळ सगळं गाव दारांत उभं राहून बघत होतं. कोणीही हलला नाही, काही भीतीने, काही आनंदाने.

चौथा दिवस: लिंकन ते फोर्ट समनर, सुमारे १४० मैल

हाँडोमार्गे रॉझवेल, तिथून यूएस २८५ने उत्तरेला आणि मग राज्य रस्ता २०. रॉझवेलला परग्रहवासीयांची दुकानं आहेत, कॉफी प्यावी आणि टाकी भरावी. पुढे सत्तर-ऐंशी मैल माळ. वाऱ्याने स्टिअरिंग एका बाजूला ओढतं आणि संध्याकाळनंतर हरणं आडवी येतात.

फोर्ट समनर गावाच्या पूर्वेला तीन मैल, मग दक्षिणेला साडेतीन. रस्त्याच्या टोकाशी बॉस्के रेडोंडो स्मारक. आधी इथे जावं. १८६०च्या दशकात साडेआठ हजारांहून अधिक नावाहो आणि सुमारे पाचशे मेस्कलेरो अपाची यांना चालवत आणून इथे कोंडलं होतं. पाणी खारं, पीक किडीने गेलेलं, शेकड्यांनी माणसं मेली. १ जून १८६८च्या तहानंतर नावाहो घरी परतले. लष्कर गेल्यावर १८७०मध्ये मॅक्सवेल कुटुंबाने हा तळ विकत घेऊन घरं केली. बिली मेला तो त्यातल्याच एका अधिकाऱ्याच्या जुन्या घरात. घर आता उरलेलं नाही, जागेची खूण तेवढी आहे.

१४ जुलैला गॅरेट दोन डेप्युटींसह, जॉन पो आणि किप मॅकिनी, अंधारात पोचला. मध्यरात्रीच्या सुमाराला तो पीट मॅक्सवेलच्या खोलीत शिरून पलंगाशी बसला. दोघं डेप्युटी बाहेर पडवीत. बिली मांस कापायला सुरी घेऊन मोज्यांवर आला, पडवीत अनोळखी माणसं बघून दचकला आणि मागे सरकत खोलीत शिरला. बाहेर चांदणं, आत काळोख. चांदण्यातून आलेल्या डोळ्यांना आत काहीच दिसत नाही आणि काळोखात बसलेल्याला दारातली आकृती स्वच्छ दिसते. ‘किएन एस?’ म्हणजे ‘कोण आहे?’ एवढंच त्याने विचारलं. गॅरेटने दोन गोळ्या झाडल्या. पहिली छातीत, दुसरी वाया. सुरी होती यावर बहुतेकांचं एकमत, पिस्तुल होतं का यावर नाही. गॅरेटने ज्यातून गोळी झाडली ते रिव्हॉल्वर २०२१च्या लिलावात ६० लाख डॉलरवर गेलं.

दफनभूमी जवळच. बौड्री, टॉम ओफोलियार्ड आणि बिली, तिघांचा एक दगड, त्यावर ‘पॅल्स’ म्हणजे ‘जिगरी’. १९०४च्या पुराने जुन्या खुणा वाहून गेल्या, त्यामुळे दगड अंदाजाने आहे. बिलीचा लहान दगड १९५०मध्ये चोरीला गेला, २६ वर्षांनी टेक्ससमध्ये सापडला, १९८१मध्ये पुन्हा गेला आणि कॅलिफोर्नियात सापडला. म्हणून आता कबरीवर लोखंडी पिंजरा. फोटो काढायचा तर मोबाइल गजांच्या आत सरकवून काढावा, नाहीतर गजांवरच फोकस होतो. गवतात साप असतात, चपला घालून फिरू नये.

बिलीचा निर्विवाद मानला जाणारा एकच फोटो आहे, तोही फोर्ट समनरलाच काढलेला समजतात. पत्र्यावरचा टिनटाइप, २०११मध्ये २३ लाख डॉलरला विकला गेला. डाव्या कमरेला पिस्तुल दिसतं म्हणून पिढ्यान् पिढ्या त्याला डावखुरा समजलं गेलं. हातातली बंदूक नीट बघावी. विंचेस्टर १८७३ची काडतुसं भरायची खिडकी उजव्या अंगाला असते, फोटोत ती डाव्या अंगाला आहे. टिनटाइपमध्ये वेगळी निगेटिव्ह नसते, पत्र्यावर थेट आरशातलं उलटं चित्र उमटतं. बिली उजवाच होता. छापील पोस्टर घेताना चित्र सुलटं करून घेतलेलं आहे का, याच खिडकीवरून ओळखावं.

पाचवा दिवस: लास वेगास आणि सांताफे

हे लास वेगास न्यू मेक्सिकोतलं, जुगाराचं नव्हे. खटल्याच्या आधीच्या डिसेंबरात, म्हणजे १८८०च्या, २३ तारखेला, टायबॅनजवळच्या स्टिंकिंग स्प्रिंग्जला गॅरेटने बिलीला पहिल्यांदा पकडलं. ती जागा खासगी कुरणात आहे, शोधत जाऊ नये. तिथून कैद्यांना लास वेगासला आणलं, तेव्हा स्टेशनवर जमावाने आगगाडी अडवली. जुना चौक बघायला तासभर ठेवावा आणि सांताफेला, ६५ मैलांवर, दुपारपर्यंत पोचावं.

सांताफेच्या चौकात गव्हर्नरांचा जुना वाडा आहे. १८७९च्या मार्चमध्ये गव्हर्नर ल्यू वॉलेस लिंकनला येऊन बिलीला गुपचूप भेटला होता. एका खुनाची साक्ष दे, तुझ्यावरचे खटले काढून टाकतो, असा सौदा. बिलीने साक्ष दिली. पण वॉलेसने आधीच काढलेल्या सार्वत्रिक माफीतून ज्यांच्यावर आरोपपत्र आहे ते वगळलेले होते आणि ब्रेडीच्या खुनाचं आरोपपत्र बिलीवर होतं. खटले काढायचा अधिकार ज्या सरकारी वकिलाकडे, तो ‘हाउस’च्या बाजूचा. १८८१मध्ये सांताफेच्या तुरुंगातून बिलीने वॉलेसला एकामागून एक पत्रं लिहिली, आठवण करून दिली. उत्तर आलं नाही. १२९ वर्षांनी, ३१ डिसेंबर २०१०ला, गव्हर्नर बिल रिचर्डसनने तीच माफी द्यायला पुन्हा नकार दिला.

वाड्यापुढच्या पडवीत मूळ रहिवासी जमातींचे कारागीर दागिने मांडून बसतात. तिथून निघण्याआधी इनामाच्या जाहिरातीची नक्कल दिसली तर तिची शब्दरचना वाचावी. बिलीला पकडून न्यू मेक्सिकोतल्या कोणत्याही शेरीफच्या हवाली करणाऱ्याला ५०० डॉलर, खाली सही ल्यू वॉलेस. गॅरेट स्वतःच शेरीफ, त्याने पकडलं नाही तर मारलं, आणि तोवर वॉलेस राजीनामा देऊन निघून गेला होता. हंगामी गव्हर्नर म्हणाला, हे वॉलेसचं खासगी आश्वासन, तिजोरीचा संबंध नाही. फेब्रुवारी १८८२मध्ये विधिमंडळाने खास कायदा केला तेव्हा कुठे पैसे सुटले.

सांताफेहून अल्बुकर्की विमानतळ आय-२५ने एक तास. गाडी परत करताना टाकी भरलेली असावी, आणि टायरांच्या खोबणीतून व्हाइट सँड्सची वाळू झाडून टाकावी.